मुकी आचारीण

मास्तरांना खोटं बोलायचं म्हटलं की कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या, आणि पोटापाण्यासाठी ते करत होते पर्यटकांना शहर दाखवायचं काम. वाटाड्याला असा दोष म्हणजे न्हाव्याचा हात थरथरण्यासारखाच.

उमेदीची सगळी वर्षं त्यांनी शाळेत इतिहास शिकवण्यात घालवली होती. मग शाळेने इतिहास भूगोलात मिसळला, भूगोल परिसर अभ्यासात मिसळला आणि मास्तरांना एक शाल देऊन घरी पाठवलं. घरी म्हणजे थोरल्या भावाच्या, दादांच्या घरी, कारण लग्न करायचं त्यांच्याकडून राहूनच गेलं होतं. तिथे वहिनींनी पुढच्या खोलीत टेबल, फोन आणि पिवळ्या छत्र्यांचा ढीग मांडून सहलींचा धंदा उघडला होता. सहलीचं नाव 'चवीचवीने मध्ययुग'. सकाळी जुन्या वेशीपाशी जमायचं, तटाच्या आतल्या गल्ल्यांतून पायी हिंडायचं, भट्टीवर गरम पाव, पुढे सूप, त्यापुढे चीज आणि लोणच्यांचं दुकान, आणि शेवट धान्यबाजाराच्या चौकात. प्रत्येक ठिकाणी थोडं खायचं आणि थोडं ऐकायचं.

खाण्याची तक्रार कधीच नव्हती. घोडं अडायचं ते ऐकण्यापाशी.

मास्तर वेशीपुढे उभे राहून सांगायचे, की मूळ वेस कधीच पडली, ही नगरपालिकेने आपल्या आजोबांच्या काळात बांधलेली आहे. बुरुजाखाली सांगायचे, की हा कोणी बांधला ते ठाऊक नाही. सूपवाल्याच्या दुकानावर 'अस्सल मध्ययुगीन पाककृती' अशी पाटी होती. तिच्याखाली उभं राहून ते सांगायचे, की टोमॅटो आणि बटाटा तेव्हा आपल्याकडे आलेलेच नव्हते आणि या सुपात दोन्ही आहेत. एकदा एका पर्यटकाने विचारलं, मग यात तेव्हाचं काय आहे? मास्तरांनी प्रामाणिकपणे विचार केला आणि म्हणाले, "पाणी असू शकेल." सूपवाला हातात पळी घेऊन हे सगळं ऐकत उभा असायचा. तो मास्तरांच्या वाडग्यात नेहमी तळाचं करपलेलं सूप वाढायचा.

मास्तरांचा चेहरा उजळायचा तो एकाच ठिकाणी. धान्यबाजाराच्या कोपऱ्यात एक दगडी मोरी होती. तासलेले दगड, मधोमध पन्हळ, कडेला गाडीच्या चाकांनी पडलेल्या खोबणी. शहरात खरोखर त्या काळातलं असं शाबूत उरलेलं ते एवढंच. मास्तर तिच्यापाशी गुडघे टेकून बसायचे आणि पाण्याचा उतार कसा काढला असेल ते हाताने दाखवायचे. दुसऱ्यांच्या नातवंडांचे फोटो बघावेत तशा आदराने लोक मोरीकडे बघायचे आणि घड्याळ पाहायचे.

सहलीनंतर लोक जे अभिप्राय लिहीत ते वहिनी जेवताना मोठ्याने वाचून दाखवायच्या. 'वाटाड्या प्रामाणिक आहे. पाव उत्तम.' 'पाव उत्तम. मोरी पाहिली.' वहिनी वाचून थांबायच्या नाहीत, कारण थांबणं हे त्यांच्या स्वभावातच नव्हतं. सकाळी डोळा उघडला की त्यांचं बोलणं सुरू व्हायचं आणि रात्री दिवा मालवल्यावरही अंधारात एखादं वाक्य उरलेलं असायचं. दादा पाणीपुरवठा खात्यातून निवृत्त झाले होते. 'हं' आणि 'मीठ' या दोन शब्दांवर त्यांचा दिवस निघायचा.

"भावजी," वहिनी म्हणायच्या, "लोक सुट्टी काढून येतात हो. 'ठाऊक नाही' हेच ऐकायचं असेल तर ते घरी नवऱ्याला काहीतरी विचारतील."

दादा म्हणायचे, "हं."

ज्या दिवशी हे सगळं सुरू झालं त्या दिवशी भट्टीवरचा पाव उशिरा निघणार होता. भट्टीवाल्या बाईंनी दाराबाहेर डोकं काढून सांगितलं, की रात्री सरपण ओलं निघालं, थोडं थांबा. थोडं म्हणजे किती ते विचारायची कोणाची छाती नव्हती, कारण बाईंच्या हातात पाव काढायचं लांब दांड्याचं फावडं होतं. गल्लीत ऊन उतरलं होतं. भूक आणि पावाचा वास यांच्यामध्ये सापडलेली मंडळी आता एकमेकांवर चिडायला लागली होती. त्यांच्यात गवती टोपी घातलेल्या एक बाई होत्या. त्या सकाळपासून प्रश्न विचारत होत्या आणि मास्तर सकाळपासून ठाऊक नाही, ठाऊक नाही म्हणत होते.

मास्तरांनी वेळ काढण्यासाठी वेढ्याची हकीगत सुरू केली. वेढा खरा होता. शत्रूने एक अख्खा हिवाळा शहर कोंडून धरलं होतं आणि शेवटी कंटाळून तो निघून गेला होता, एवढं दफ्तरात होतं. टोपीवाल्या बाईंनी विचारलं, मग त्या हिवाळ्यात सगळ्यांचा स्वयंपाक कोण करत होतं?

मास्तरांच्या ओठांवर 'ठाऊक नाही' आलंही होतं. पण त्यांनी समोरचे चेहरे बघितले.

"एक बाई," ते म्हणाले.

नाव काय तिचं, असा पुढचा प्रश्न आलाच. नाव नोंदलेलं नाही, असं मास्तर म्हणाले, आणि हे तर खरंच होतं. का नाही नोंदलं? "ती मुकी होती," मास्तर म्हणाले. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काय संबंध, हे कोणीही विचारलं नाही. तिला मुकं करण्यात मास्तरांचा विचार एवढाच होता, की मुक्या माणसाच्या तोंडी आपल्याला काही घालावं लागणार नाही आणि खोटं निदान तेवढं तरी आटोक्यात राहील.

पण ते राहिलं नाही. नळाचा आटा निकामी व्हावा तसे मास्तर बोलत सुटले. तिच्या मनगटांवर भाजल्याचे डाग होते. सूप झालं का ते ती तळहातावर थेंब टाकून बघायची. सगळ्यांचं झाल्यावर उभ्याउभ्याच भांडं खरवडून जेवायची. धान्य संपलं त्या दिवशीही तिने चूल पेटवली. तटावरून रोजच्यासारखा धूर वर गेला. शत्रूच्या सरदाराने तो पाहिला आणि त्याचा धीर सुटला, की यांच्याकडे अजून शिजवायला आहे. तो तळ उठवून गेला.

"आणि भांड्यात?" एकाने हळूच विचारलं.

"नुसतं पाणी उकळत होतं."

 टोपीवाल्या बाईंनी टोपी काढून डोळे पुसले. एक जाडे गृहस्थ भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. तेवढ्यात पाव आला, आणि मघापासून भुकेने करवादलेल्या त्या माणसांनी तो एकमेकांना आधी देत, हळूहळू खाल्ला. मास्तरांचे कान पेटल्यासारखे लाल झाले होते. पुन्हा असं कधी करायचं नाही, असं त्यांनी घरी पोचेपर्यंत अनेकदा स्वतःला बजावलं.

पण अभिप्राय त्यांच्या आधी घरी पोचले होते. वहिनींनी ते दारातच वाचून दाखवले आणि विचारलं, ही बाई इतके दिवस कुठे लपवून ठेवली होती? मास्तरांनी खाली मान घालून सांगून टाकलं, की तशी कोणी नव्हती, मी बनवली.

वहिनी क्षणभर गप्प झाल्या. घराच्या इतिहासात हे नमूद करण्यासारखं होतं.

"मग आणखी थोडी बनवा," त्या म्हणाल्या.

मास्तरांनी नकार दिला. पण पुढच्याच तुकडीतली माणसं दारात येऊन विचारू लागली, मुक्या आचारणीची ती सहल हीच ना? गाळली तर लोक आठवण करून द्यायचे. शेवटी मास्तरांनी तडजोड म्हणून तिच्या आधी 'असं म्हणतात' हे शब्द लावले. या दोन शब्दांनी आपली अब्रू झाकली जाते असं त्यांना वाटायचं. अडचण अशी झाली, की काही दिवसांतच लोक खरोखर तसं म्हणू लागले. इतर कंपन्यांचे वाटाडे म्हणू लागले, चीजवाला म्हणू लागला, आणि एका सकाळी सूपवाल्याच्या दुकानावर नवी पाटी लागली: 'मुक्या आचारणीचे मूळ सूप. आम्ही तिचे थेट वंशज.'

मास्तर पाटीखाली उभे राहिले तेव्हा सूपवाल्याने त्यांना आत बोलावलं, खुर्ची दिली आणि प्रथमच वरचं, न करपलेलं सूप वाढलं. मग त्याने माळ्यावरून पोचे पडलेलं एक तांब्याचं पातेलं काढून आणलं. हेच ते भांडं, असं त्याने सांगितलं. मास्तरांनी ते उलटं करून बघितलं तर बुडाशी कारखान्याचा छाप होता. त्यांनी तो दाखवला. छाप नंतर मारला असेल, असं सूपवाला म्हणाला आणि म्हणताना त्याचे कान जराही लाल झाले नाहीत. मास्तरांना त्याचा हेवा वाटला.

भट्टीवाल्या बाईंना हे कळलं मात्र, आणि त्यांनी त्याच दिवशी भट्टीच्या तोंडावर चुन्याने लिहून टाकलं: 'हीच ती चूल.' आचारीण आपल्या सासरच्या घराण्यातली, हे आपल्या आजेसासूबाई सांगायच्या असं त्या सांगू लागल्या. आजेसासूबाई बहिऱ्या होत्या एवढंच गल्लीला आठवत होतं, पण बहिऱ्या माणसाला सांगता येत नाही असं थोडंच आहे.

अशा रीतीने भांडं एकाकडे आणि चूल दुसरीकडे झाली. गल्ली दुभंगली. भट्टीवर पाव खाऊन आलेल्यांना सूपवाला गार सूप द्यायचा. आधी सूप पिऊन आलेल्यांना बाई कालचा पाव द्यायच्या. सूपवाल्याच्या मुलीचं भट्टीवाल्यांच्या पुतण्याशी जमत आलेलं लग्न अडलं, कारण मुलगी सासरी गेली तर आचारीणही त्यांच्याकडे जाईल, अशी सूपवाल्याला धास्ती होती. लोणच्यांच्या दुकानाने दोन्ही बाजूंना लोणचं पुरवून तटस्थ राहायचा प्रयत्न केला, तर त्याच्यावर दोन्ही बाजूंनी बहिष्कार पडला. सहल पुढे सरकायची तर वहिनींना सकाळी दोन्हीकडे फोन करून मनधरणी करावी लागायची, आणि बोलण्यात हार न जाणाऱ्या वहिनींचाही घसा बसू लागला.

शेवटी प्रकरण नगरपालिकेत गेलं. पर्यटन विभागाच्या साहेबांनी बैठक बोलावली. साहेब मुळात आरोग्य विभागातले, तिथून बदली होऊन आलेले. बोलताना ते अजूनही पर्यटकांची 'लागण' वाढली पाहिजे असं म्हणायचे. टेबलाच्या एका बाजूला सूपवाला पातेलं मांडीवर घेऊन बसला. दुसऱ्या बाजूला भट्टीवाल्या बाई. चूल आणता येत नव्हती म्हणून त्यांनी तिची एक वीट आणली होती. तज्ज्ञ म्हणून मास्तर मधोमध, आणि मास्तरांवर लक्ष ठेवायला वहिनी.

साहेबांनी मास्तरांना विचारलं, ती खरी कोणाची?

मास्तर उभे राहिले. आचारीण रचली त्या दिवसापासून ते या क्षणाची वाट बघत होते असं म्हटलं तरी चालेल. त्यांनी सगळं सांगितलं. ओलं सरपण, उशिरा निघालेला पाव, टोपीवाल्या बाई. "ती कोणाचीच नाही," ते म्हणाले. "ती मी रचली. तिचा उल्लेख कुठेही नाही." बोलून झाल्यावर त्यांना शाळा सोडल्यापासून पहिल्यांदा हलकं वाटलं.

ते हलकेपण फार टिकलं नाही. सूपवाल्याने आधी बोट रोखलं, की मास्तर बाईंच्या पावाला फितूर झाले. बाईंनी त्याच वेळी सांगितलं, की मास्तर सूपवाल्याकडे खुर्चीत बसून सूप पितात, सगळ्या गल्लीने पाहिलंय. साहेबांनी दोघांना शांत केलं आणि मास्तरांना समजावणीच्या सुरात म्हणाले, की तिची नोंद झालीच नाही हे तुम्हीच पहिल्यापासून सांगत आलात. आता नोंद सापडत नाही, म्हणजे तुमचं म्हणणं सिद्धच झालं की.



मग भट्टीवाल्या बाई बोलल्या. त्यांचा आवाज या वेळी चढलेला नव्हता. त्या म्हणाल्या, "मास्तर, माझी आई उभ्याने जेवायची. भांडं खरवडून. तिची आईही. तुम्ही आमच्या घरात कधी आला नाहीत, तरी तुम्ही हे सांगितलंत. मग ते तुमच्या डोक्यात आलं कुठून?"

सूपवाला पातेल्यात बघत म्हणाला, की त्याची आईसुद्धा. आणि या एका बाबतीत त्या दोघांचं प्रथमच एकमत झालं.

 मास्तरांनी नकळत वहिनींकडे पाहिलं. वहिनी आपल्या मनगटांवर बाह्या ओढून घेत होत्या.

त्या आठवड्यात मास्तर पुन्हा नगरपालिकेच्या दफ्तरखान्यात जाऊन बसले. कोणाला खोटं पाडायला नाही, नुसतंच राहवेना म्हणून. वेढ्याच्या हिवाळ्याची नोंद त्यांना जवळजवळ पाठ होती. वेशीवरच्या पहारेकऱ्यांची नावं होती, गोलंदाजांची होती, फितूर म्हणून फाशी दिलेल्यांची होती. शहराच्या सरदाराच्या घोड्यांची नावंसुद्धा होती, आणि घोड्यांना काय खायला घातलं तेही. शहरभर माणसं हिवाळाभर जेवली होती, पण चुलीपाशी कोणी असल्याचा एका अक्षराचाही पुरावा नव्हता. जन्मभर हे वाचूनही हे आपल्याला कधी दिसलं कसं नाही, याचं मास्तरांना आश्चर्य वाटलं. जेवण आपोआप झालं असेल, असं ते इतकी वर्षं धरून चालले होते. घरीही तसंच.

इकडे साहेबांनी निकाल दिला होता. आचारीण कोणा एकाची नाही, साऱ्या शहराची. तिचा पुतळा उभारायचा, आणि तोही तटस्थ जागी, म्हणजे धान्यबाजाराच्या कोपऱ्यात.

मास्तर धावत साहेबांकडे गेले. तिथे मोरी आहे, असं त्यांनी सांगितलं. साहेबांना ते माहीत होतं. पुतळ्यापाशी मोरी बरी दिसणार नाही म्हणूनच ती बुजवायची होती. मास्तरांनी हात जोडले. अख्ख्या शहरात तेवढीच एक खरी वस्तू आहे, ती बुजवून तुम्ही तिच्यावर न झालेल्या बाईला उभी करणार, असं ते काकुळतीने म्हणाले. साहेबांनी त्यांना पाणी पाजलं. आरोग्य विभागात असताना त्यांनी कितीतरी मोऱ्या बुजवल्या होत्या.

"मोरीला चेहरा नसतो, मास्तर," ते सहानुभूतीने म्हणाले. "लोक फोटो कशाबरोबर काढणार?"

मोरी एका दुपारी सिमेंटखाली गेली. मास्तर शेवटपर्यंत तिथे उभे होते. गवंड्यांनी त्यांना देखरेखीचा माणूस समजून दोन वेळा चहा दिला.

चेहऱ्यावरून मात्र नवीन लढाई जुंपली. सूपवाल्याने आईचा फोटो दिला, भट्टीवाल्यांनी आजेसासूबाईंचा. शिल्पकार बाई बाहेरगावच्या होत्या, त्यांना यांतलं काहीच नको होतं. त्या मास्तरांच्या घरी वर्णन ऐकायला आल्या. मास्तर नाइलाजाने सांगत होते आणि त्या चित्र काढत होत्या. मधेच वहिनी चहा घेऊन आल्या. शिल्पकार बाईंनी त्यांचे हात पाहिले, मग कागदाकडे पाहिलं, मग मास्तरांकडे.

"तुम्ही यांचंच तर वर्णन करताय," त्या म्हणाल्या.

मास्तर नाही म्हणायला गेले. पण वहिनी तेव्हा गॅसपाशी वळून तळहातावर आमटीचा थेंब टाकून बघत होत्या, आणि इतका वेळ वर्णन करूनही मास्तरांच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या नव्हत्या.

दोन्ही पक्षांना वहिनी चालत होत्या, कारण त्या कोणाच्याच घराण्यातल्या नव्हत्या. अशा प्रकारे शहरातल्या सर्वांत बोलक्या बाईला मुक्या आचारणीच्या पुतळ्यासाठी बसवण्यात आलं. रोज सकाळी वहिनी पळी धरून, ओठ मिटून बसायच्या. बोललं की जबडा हलतो आणि माती बिघडते, अशी सक्त ताकीद होती. सुरुवातीला त्यांचा चेहरा झाकण बसवलेल्या कुकरसारखा दिसायचा. मग हळूहळू त्यांना ते जमू लागलं, इतकं, की दुपारी घरी आल्यावरही त्या पहिला काही वेळ बोलायच्या नाहीत.

या शांततेचा घरावर अनपेक्षित परिणाम झाला. दादा बोलू लागले. आधी एखादं वाक्य, मग सबंध परिच्छेद. पाणीपुरवठा खात्यातल्या सगळ्या हकिगती त्यांनी इतकी वर्षं साठवून ठेवल्या होत्या. कोणत्या गल्लीखालून कोणती नळी जाते, कोणत्या साहेबाच्या बंगल्यात चोरून जोडणी होती, कुठे खणताना जुन्या विटा लागल्या आणि कोणालाही न सांगता पुन्हा पुरल्या. मास्तरांनी घास हातात ठेवून विचारलं, हे आधी का नाही सांगितलं? दादा म्हणाले, मधे जागा मिळाली नाही.

एका दुपारी वहिनी अशाच ऐकत बसल्या होत्या. त्या मास्तरांना म्हणाल्या, "भावजी, बाई मुकी असावी लागली का हो, लोकांना तिच्यासाठी रडू यायला?"

मास्तरांनी कधीच कबूल केलं नसतं ते त्या दिवशी केलं. "मला सोपं पडावं म्हणून," ते म्हणाले. वहिनींनी मान हलवली आणि त्यांच्या ताटात आणखी भात वाढला.

पुतळ्याचं अनावरण थाटात झालं. सूपवाल्याने सूप वाटलं, भट्टीवाल्यांनी पाव वाटला. दोन्ही एकत्र खाल्लं की बरं लागतं हा शोध गल्लीला पुन्हा नव्याने लागला, आणि मुलीच्या लग्नाची तारीखही तिथेच निघाली. पाटीवर हकीगत कोरली होती. मास्तरांनी लिहून दिलेला मजकूर जसाच्या तसा होता, फक्त 'असं म्हणतात' एवढे शब्द जागेअभावी गाळले होते.

गोष्ट इथे थांबली असती. पण पुतळ्याची कीर्ती शेजारच्या गावी पोचली, आणि एके दिवशी तिथलं शिष्टमंडळ साहेबांच्या कचेरीत दाखल झालं. त्यांचं म्हणणं सरळ होतं. आचारीण त्यांच्या गावची लेक होती. इथे ती लग्न होऊन आली. माहेरी ती छान बोलायची, गायचीसुद्धा; मुकी झाली ती तुमच्याकडे आल्यावर. तेव्हा अर्धा मान आमचा.

साहेबांनी मास्तरांना बोलावून घेतलं. वहिनीही आल्या. शिष्टमंडळाचा म्होरक्या निवृत्त मुख्याध्यापक होता, त्याचा आवाज खणखणीत होता आणि त्याचेही कान लाल होत नव्हते. मास्तरांनी त्याला पुरावा विचारला. तो म्हणाला, पुरावा कसा असेल, तिची नोंदच कुठे झाली नाही.

आता मास्तर हसतील आणि हात झटकून निघून जातील, असं साहेबांना वाटलं. पण मास्तर टेबलावर पुढे झुकले. माहेरी बोलायची, हे कशावरून? कोणाशी बोलायची? ऐकायला कोण होतं? ते जवळजवळ भांडू लागले. ती तुमच्याकडची असेल तर तिचं घर दाखवा, ते म्हणाले. मुख्याध्यापकाने लगेच आव्हान स्वीकारलं.

त्याप्रमाणे मास्तर आणि वहिनी बसने त्या गावी गेले. शिष्टमंडळाने गावातला सर्वांत मोठा, नक्षीदार दारांचा बंगला दाखवला. नगराध्यक्षांच्या मालकीचा होता, आत उपाहारगृह काढायची तयारीही चालली होती. मास्तरांनी स्वयंपाकघर बघितलं. ते घराच्या पार मागे, कोठीसारखं, खिडकी नसलेलं होतं.

"हे नाही," मास्तर म्हणाले. "इथे वाढलेली मुलगी धूर वर जाताना कुठून बघणार?"

मुख्याध्यापक चिडला. मास्तर त्याच्याकडे न बघता बाहेर पडले आणि गावातून चालू लागले. वहिनी त्यांच्यामागे, आणि थोड्या अंतरावर शिष्टमंडळ. त्यांनी पुष्कळ घरं बघितली. कुठे चूल भिंतीआड होती, कुठे अंगणच नव्हतं. मास्तर प्रत्येक ठिकाणी थांबायचे, बघायचे आणि मान हलवायचे. वहिनींना त्यात काही वावगं वाटत नव्हतं. एका ठिकाणी त्याच म्हणाल्या, की हे नाही, इथे पाणी फार लांबून आणावं लागेल.

गावाच्या टोकाला एक बुटकं घर होतं. स्वयंपाकघर रस्त्याकडे, खिडकी उघडी. पायरीवर एक म्हातारी डाळ निवडत बसली होती आणि आत कोणाशी तरी मोठ्याने बोलत होती. आतून उत्तर येत नव्हतं, तरी तिचं बोलणं चालू होतं. कोण कोणावर रुसलं आहे, कोणाचा ताप उतरला, डाळीत खडे किती निघतात. मास्तर फाटकापाशी उभे राहिले. वहिनींनी त्यांच्या बाहीला हात लावला.

म्हातारीने मान वर करून विचारलं, "कोणाला शोधताय?"

मास्तरांनी मागे पाहिलं. शिष्टमंडळ अजून वळणावर होतं.

"आमच्याकडे शहरात दिलेली तुमची एक मुलगी होती," ते म्हणाले. "तिच्याबद्दल विचारायचं होतं."

म्हातारीने त्यांना नीट न्याहाळलं. मग डाळीची सुपली बाजूला सारली, आतल्या माणसाला पाहुणे आल्याचं ओरडून सांगितलं, आणि वहिनींसाठी पायरीवर जागा केली.

"बसा," ती म्हणाली. "कुठली म्हणायची ती? आमच्या पुष्कळ मुली गेल्या तिकडे."